पुढची खोली आणि पितळी तराजू

मी खाली सही करणारा, वय वर्षे एकाहत्तर, धंदा वजनकाटे दुरुस्ती, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. माझ्यावर कोणाचंही दडपण नाही. ज्याने आणून पाहिलं तो कलम दोनमध्ये आहे.

१. माझी पत्नी शाळेत भाषा शिकवत असे. निवृत्तीनंतर ती पुढच्या खोलीत दर शनिवारी नापास मुलांना अलंकार शिकवायची, फुकट. त्यासाठी तिने माझा पितळी तराजू नेला, तो परत दिला नाही. एका पारड्यात एक वस्तू, दुसऱ्यात दुसरी, मधला काटा म्हणजे 'सारखी' हा शब्द: ही उपमा. दोन्ही वस्तू एकाच पारड्यात टाकल्या की रूपक. सगळ्यांच्या देखत पारड्यावर अंगठा दाबला की अतिशयोक्ती. "अंगठा दिसतो तोवर गंमत," ती सांगायची, "लपवला की लबाडी." नियम एकच होता. तुलनेची वस्तू स्वतःच्या घरातून आणायची. चंद्र आणि कमळ खोलीबाहेर.

एकदा एका मुलीने पारड्यात सुया टोचायची उशी ठेवली. म्हणाली, "आमच्या काकूची जीभ अशी आहे."

मी कामावरून मान वर करून म्हणालो, "दुसरं पारडं रिकामं आहे. जीभ कुठाय?"

"काका, कापून आणू का?"

वर्ग हसला. पत्नी म्हणाली, "अहो, तुम्ही तुमची कानस चालवा." तराजू अडला की ती मुलांना सांगे, तो रुसलाय. मी सांगे, तराजू रुसत नाही, गंजतो. आमचं असं चालायचं.

२. मागच्या दोन खोल्या वडिलांच्या. त्यातला माझा हिस्सा धाकट्या भावाला द्यावा. पुढची खोली मी माझ्या कमाईतून बांधली, ती त्याला मिळणार नाही. त्याचं दुकान भिंतीपलीकडेच आहे. पत्नी तीन वर्षं अंथरुणावर होती, त्यात तो दोनदा आला, दुसऱ्यांदा खोली मोजायची टेप घेऊन. "दादा, उपमा-रूपकं शिकून कुणाचं पोट भरलंय? खोली दे, माल ठेवतो." शोकसभेत तोच माइक धरून म्हणाला, "वहिनी म्हणजे आमची आईच." रूपक बरोबर होतं. अंगठा लपवलेला होता. त्याची टेप तो इथेच विसरला आहे. ती त्याला आठवणीने परत करावी.

३. माझ्या डोळ्यांत पाणी दिसलं नाही म्हणून त्या दिवशी काही नातेवाईक मला दगड म्हणाले. मी पन्नास वर्षं वजनं तपासली. कोणताही दगड न तोलता वजन म्हणून वापरला नाही. त्यांनीही आधी तोलून पाहायचं होतं. त्यांना काही ठेवलेलं नाही.

४. हत्यारं आणि प्रमाण वजनांची पेटी रस्त्याच्या टोकाच्या काटेवाल्याला द्यावी. माझे हात कापतात असं तो गिऱ्हाइकांना सांगत फिरतो. यात अलंकार नाही, ते खरंच कापतात. माणूस कामाला चोख आहे.

५. पुढची खोली, फळा, तराजू आणि बँकेत जे असेल ते, हे सर्व मी त्या सुयांच्या उशीवाल्या मुलीला देतो. ती आता शिंपीण आहे आणि पत्नी गेल्यापासून अकरा महिने शनिवारचा वर्ग तीच घेते. खोलीत वर्गच चालेल. ही व्यवस्था मोडायला भाऊ कोर्टात गेला तर जाऊ दे. मी खोलीचे सर्व कागद तिच्या हवाली केले आहेत आणि वकिलाशीही बोलून ठेवलं आहे.

६. तराजूच्या डाव्या पारड्याखाली तारेने बांधलेला पासंग आहे. तो कोणीही काढू नये. कारण लिहितो. शेवटच्या आठवड्यात पत्नी म्हणाली, "अहो, चाळीस वर्षं झाली. मला एकदा तरी कशाची उपमा द्या."

मी म्हणालो, "तू तुझ्यासारखी."

"हे एकच पारडं झालं," ती म्हणाली.

मी म्हणालो, विचार करून सांगतो. चौथ्या दिवशी ती गेली. माझा विचार आता पूर्ण झाला आहे, तो माझ्यामागे पहिल्या शनिवारी फळ्यावर लिहावा:

ती पासंगासारखी होती. रिकाम्या तराजूची दांडीही एकीकडे झुकत असेल, तर हलक्या बाजूला बांधतात तो लहानसा तुकडा. तो कोणाच्या नजरेत येत नाही. सुटला तर तराजू दिसतो तसाच, पण त्यावरचं एकही माप खरं राहत नाही.

चुकलं असेल तर मुलांनी दुरुस्त करावं. अंगठा मात्र लावलेला नाही.

ठिकाण: पुढची खोली
दिनांक: ४ मार्च, मंगळवार
सही: वजनकाटेवाला

आम्हा दोघांसमोर त्यांनी हे पूर्ण वाचून दाखवलं आणि सही केली. यातून आम्हाला काही मिळणार नाही.
साक्षीदार १: समोरचे औषधविक्रेते (सही)
साक्षीदार २: शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका (सही)