मौजे निमखारी येथील गोडखडा

प्रति,
मा. गुणधारी खनिज अधिकारी,
गुणधारी खनिज कार्यालय, बुलडाणा.

विषय : मौजे निमखारी, तालुका संग्रामपूर येथून तपासणीसाठी नेलेल्या गोडखड्याबाबत शेवटचा अर्ज.

संदर्भ : १) अर्जदाराचे यापूर्वीचे चार अर्ज (उत्तर नाही).
२) आपले दि. १२ मे २०२५ चे पत्र.

अर्जदार : अजीजुन्निसा निजाम खाँ, वय ५१, शेतमजूर. (अर्जदाराने सांगितले तसे मुलगी फलक हिने लिहिले.)

महोदय,

अर्जदाराचे पती निजाम खाँ विहिरी खोदण्याचे काम करतात. आमचा भाग खारपाणपट्ट्यातला आहे. येथे साठ फूट खोदले तरी चिकणमातीशिवाय काही लागत नाही, आणि पाणी लागलेच तर ते तोंडात धरवत नाही. मार्च २०२३ मध्ये गावाशेजारी विहीर खोदताना निजाम यांच्या पहारीखाली मुठीएवढा हिरवट खडा आला. ऐन उन्हात तो हाताला गार लागत होता. चिखल धुवायला त्यांनी तो बादलीत टाकला आणि तहान लागली म्हणून त्याच बादलीतले खारे पाणी प्यायले, तर ते गोड लागले. मग सोबतच्या मजुराला म्हणाले, "भागवत, पिऊन पाह्य बे. मले खोटं वाटून राह्यलं." भागवत प्यायला आणि बादली मांडीत घेऊन मातीच्या ढिगावर बसला.

खडा घरी ठेवा, असे सांगणारे पुष्कळ भेटले. निजाम म्हणाले, "एकट्याच्या मटक्यात ठेवून काय करू? विहिरीत टाकतो, सारे पितील." दुसऱ्या दिवशी त्यांनी तो सर्वांसमोर गावविहिरीत सोडला. संध्याकाळपर्यंत विहीर गोड झाली. अकरा महिने सारे गाव ते पाणी प्याले. डाळ शिजू लागली, साबणाला फेस येऊ लागला.

अर्जदाराच्या शेजारी कोकिळा नावाची चौतीस वर्षांची बाई राहत होती. खाऱ्या पाण्याने तिचे मूत्रपिंड खराब झाले होते आणि पाय सुजून खांबासारखे झाले होते. त्या अकरा महिन्यांत तिची सूज उतरली. डॉक्टरांनी डायलिसिस पुढे ढकलले. एका सकाळी विहिरीवर ती अर्जदाराला म्हणाली, "चाची, वर्षानं पायात चप्पल बसली पाह्य मले." त्या दिवशी तिने उगीचच गावाला दोन चकरा मारल्या.

दि. १२ फेब्रुवारी २०२४ रोजी कार्यालयाची जीप घेऊन आपण स्वतः आलात. अंगी गुण असलेला खडा गुणधारी खनिजात मोडतो, असे सांगून पंचनामा झाला, विहिरीत माणूस उतरवला आणि खडा काढून पिशवीत घातला. "तपासणी करून आठ दिवसांत परत आणून देऊ," हे आपले स्वतःचे शब्द आहेत. ते ऐकणारे अर्धे गाव तिथे उभे होते. चौथ्या दिवशी विहीर पुन्हा खारी झाली. आठ दिवस गेले, पावसाळा गेला, वर्ष गेले. अर्जदाराने चार अर्ज दिले. उत्तर म्हणून निजाम यांना विनापरवाना उत्खननाची नोटीस आली. गावासाठी खाली उतरलेल्या माणसाला गुन्हेगार म्हटल्यावर त्यांनी पहार कोपऱ्यात ठेवली, ती पुन्हा उचललेली नाही.

कोकिळेला पुन्हा सूज आली. आठवड्यातून दोनदा तिला डायलिसिसला न्यावे लागे. दि. ९ मे २०२५ रोजी ती वारली. त्यानंतर तीन दिवसांनी आपण संदर्भीय पत्र लिहिले. त्यात नमूद आहे, "सदर खनिज प्रयोगशाळेतील शुद्ध पाण्यात सात दिवस ठेवले असता पाण्याच्या चवीत कोणताही बदल आढळला नाही. सबब हा सामान्य दगड आहे." पाणी आधीच गोड होते, महोदय. त्यात काय बदल होणार होता? हे कळायला शिक्षण लागत नाही, तहान लागते. एवढे शिकलेल्या आपल्या कार्यालयात पंधरा महिन्यांत एकालाही खारे पाणी घेऊन पाहावे असे वाटले नाही, याचा अर्जदाराला राग आहे आणि तो या कागदावर मावत नाही.

दि. २४ जून रोजी अर्जदार गावविहिरीचे पाणी झाकणाच्या डब्यात घेऊन आपल्यापुढे उभी राहिली. आपण म्हणालात, "बाई, अर्जदाराने स्वतःचे पाणी आणण्याची तरतूद नाही." अर्जदाराने विचारले, "साहेब, मंग तरतुदीतलं खारं पाणी कुठं भेटते?" आपण घड्याळ पाहिले आणि बैठकीला निघून गेलात.

खडा खिडकीजवळच्या टेबलावर होता. पंख्याने कागद उडू नयेत म्हणून तो फायलींवर ठेवलेला होता. कोकिळेचा जीव ज्याच्यावर तरला असता, तो कागद दाबायच्या कामाला लावला होता. अर्जदाराने तो उचलून डब्यात टाकला. थोड्या वेळाने तेथील एक कारकून ते पाणी पेलाभर प्यायला. मग आणखी पेलाभर प्यायला. त्याचे नाव अर्जदार लिहिणार नाही. तो आमच्याच पट्ट्यातला असावा, कारण पेला ठेवून तो खिडकीकडे वळला आणि एवढेच बोलला, "चाची, वरवटची गाडी साडेतीनले हाये." आमच्या गावाकडे तीच गाडी येते. अर्जदाराने डब्याला झाकण लावले आणि ती भर दुपारी कार्यालयाच्या पुढच्या दाराने बाहेर पडली.

तरी कळविण्यात येते की, खडा गावविहिरीत आहे आणि पाणी गोड आहे. यास चोरी म्हणायचे असल्यास, तो सामान्य दगड असल्याचे पत्र आपणास आधी मागे घ्यावे लागेल. ते मागे घेतले, तर गुणाचा खडा सोळा महिने टेबलावर का पडून होता, ते कोकिळेच्या दोन लेकरांना आपण समक्ष येऊन सांगावे. पत्र कायम असेल, तर एका दगडासाठी जीप पाठवू नये.

तरीही कोणास विहिरीत उतरायचे असल्यास त्याने पाणी भरणाऱ्या बायांना विचारून उतरावे. अर्जदार रोज सकाळी सहा ते नऊ तिथेच असते.

चार अर्जांपुरती नम्र राहिलेली,
अजीजुन्निसा निजाम खाँ
(सही)

ठिकाण : निमखारी
दिनांक : ३० जून २०२५

सोबत : १) आपल्या पत्राची प्रत.
२) कोकिळेच्या मृत्यू दाखल्याची प्रत.
३) गावविहिरीचे पाणी, एक बाटली. ती आपण स्वतः उघडावी.