येऊन राहिले

१५ जानेवारी १९५६

आमच्या नागपूरच्या वर्तमानपत्राने आज माझ्यावर घोर अन्याय केला. मी कळवले — 'गोंदियात नव्या भातगिरणीचे उद्घाटन'. छापले — 'भाटगिरणीचे'! आता वाचकांना वाटेल, इथे भाट दळले जातात. वीस वर्षे संस्कृत शिकवून, दहा वर्षे बातम्या पाठवून, एका 'त'चे रक्षण करता येत नाही!

प्रेमिला असती तर पोट धरून हसली असती. सिनेमात काम करायला मुंबईला गेली ती सहा महिन्यांसाठी. माघात दोन वर्षे होतील. बायको नटी, नवरा संस्कृतचा मास्तर — गावाला फुकटची करमणूक.

१७ जानेवारी

दिल्लीहून रेडिओवर जाहीर झाले — मुंबई महाराष्ट्राला नाही. तिथे गोळीबार. स्टुडिओ बंद.

चहावाला छोटेलाल म्हणाला, "पंडितजी, अब तो भाभीजी लौट आएँगी!" मी त्याला दटावले. माणसे मरताहेत, आणि याला भाभीजी!

१९ जानेवारी

पत्र नाही.

२१ जानेवारी

जायच्या आधी तीन महिने मी तिची भाषा घासत होतो. 'जाऊन राहिली' म्हणाली की थांबवायचो — 'जाते आहे' म्हण, तिकडे हसतील. ती चिडायची. "काऊन? मायनं तं असंच शिकवलं मले!" आता तिच्या पत्रांत एक 'काऊन' सापडत नाही. शिष्या उत्तम निघाली. गुरू गाढव.

२५ जानेवारी

तार! पुण्याहून! "मुंबई सोडली. येऊन राहिले. प्रेमिला."

मुर्री गावची देवकाबाई स्वयंपाकाला येते, तिला वाचून दाखवली. "येऊन रायली म्हंजे रस्त्यातच हाये ना जी बाई! काऊन उभे हा? लाखोळीची डाळ आणा, वडे करतो!"

नेमके वाचायचे तर 'राहिली' नाही, 'राहिले' आहे. म्हणजे अर्थ वेगळा: येऊन मुक्काम केला. पण तारवाल्याच्या मात्रेवर कोण विश्वास ठेवतो? मुंबईहून गाडी मिळाली नसेल, म्हणून पुण्यावरून निघाली. उद्या स्टेशनवर जाऊन मेल गाठायची.

२८ जानेवारी

तीन दिवस मेल गाठली. हमाल रेवाराम आता मला लांबूनच पाहून मान हलवतो. वडे रोज तिच्या नावाने होतात, रोज माझ्या पोटात जातात.

३० जानेवारी

पत्र आले. "पुण्यास येऊन राहिले, हे तारेने कळवलेच होते. 'पुण्यास' घातले नाही. तारेवर गावाचे नाव असतेच, आणि वायफळ शब्द नकोत, असे तुम्हीच सांगता."

निर्दोष वाक्ये. एक चूक काढता आली नाही! आजवर नायकाची वहिनी व्हायची, आता नायिका झाली आहे. दंगल शमली, पुढच्या आठवड्यात मुंबईला चित्रीकरण सुरू. तिथे दोन खोल्या घेतल्या आहेत, दारावर स्वतःच्या नावाची पाटी लावली आहे.

देवकाबाईने विचारले, "मंग बाई कवा येतेत जी?"

मी म्हटले, "पत्रात भविष्यकाळ नाही."

"मंजे?"

"वडे नको करू आज."

३१ जानेवारी

पंधरा दिवस मी प्रत्येक बातमीखाली 'शांतता नांदो' असे लिहून पाठवले. मनात म्हणत होतो, स्टुडिओ बंदच राहू देत. माणसे मरत होती, तरीही. स्टुडिओ उघडले. ती परत येणार नाही, अशी मला भीती वाटते.