सुतकातल्या महालक्ष्म्या

झाशी, २४ ऑगस्ट २०२५

चि. सौ. मुग्धा हिस अ. उ. आ.

सासऱ्याचा फोन उचलत नाहीस, म्हणून पत्र. तू हायकोर्टातून हुकूम आणल्याचं वकीलसाहेबांकडून कळलं. घटस्फोटाचा दावा सहा महिन्यांत निकाली काढा, उगाच तारखा देऊ नका, असं म्हणे वरून झाशीच्या कोर्टाला बजावलंय. पेढे वाटलेस का? सलील ग्वाल्हेरला, तू टहरौलीच्या शाळेत. वेगळे राहताच आहात, मग कागद कशाला हवा? आमच्या घराण्यात सोडचिठ्ठी कोणी दिली नाही, घेतलीही नाही.

निकाल लागेपर्यंत तू सून आहेस. रविवारी महालक्ष्म्या येतात. त्यांना उंबऱ्यातून आत सुनेनं आणायचं असतं, तुझ्या सासूचे गुडघे चालत नाहीत. निमूट ये. सोमवारी कोर्टात पेशी आहे ही सबब नको. तिथं काही व्हायचं नाही.

कळावे. लोभ आहे, पण गृहीत धरू नये.
यशवंत


टहरौली, ३ सप्टेंबर २०२५

ती. मामंजींना सा. न. वि. वि.

मी आले नाही, येणारही नव्हते. कागद कशाला हवा हे तुम्हाला ठाऊक आहे, मागे सांगितलं तेव्हा हसला होतात. मला मूल दत्तक घ्यायचंय. कागदोपत्री नवरा असला की त्याची संमती लागते, आणि सलील ती देत नाही. एकट्या बाईला मूल मिळतं, पण वयाची अट असते. तुमच्या एकेका तारखेनं माझं वय वाढतंय.

परवा तुमच्या वकिलांनी तुमच्या सहीचा अर्ज दिला, की सलीलचे चुलते, गुरसरायचे बापूरावकाका वारले, घरात गमी आहे, सुतक आहे, सलील येऊ शकत नाही. माझा जीव चरकला. कोर्टाच्या व्हरांड्यातून काकूंना फोन लावला, तर काका तुमच्याकडेच पुरणपोळी खायला गेलेले! जिवंत माणसाला मारताना जरा पंचांग तरी बघायचं होतं. हे कोर्टात सांगितल्यावर जजसाहेबांनी नऊ तारखेला तुम्हाला आणि सलीलला जातीनं बोलावलंय. अवश्य या.

सासूबाईंना नमस्कार. त्यांच्यावर राग नाही, हे मुद्दाम कळवते.
मुग्धा


झाशी, १० सप्टेंबर २०२५

मुग्धा हिस,

आशीर्वाद लिहायला हात वळत नाही. बापूरावांबद्दल विचारलं तर नावाची चूक झाली म्हणायचं, असं वकीलसाहेबांनी पढवलं होतं आणि मी ते बेलाशक म्हटलं असतं. पण तुझ्या त्या वकीलणीनं, ऐश्वर्यानं, बापूरावांचं नावही काढलं नाही. एवढंच विचारलं, की सोमवारी घरी महालक्ष्म्या बसल्या होत्या का. ज्यांना घरात आणलं, सोळा भाज्यांचा नैवेद्य दाखवला, त्या आल्याच नाहीत असं कोणत्या तोंडानं म्हणू? जीभ रेटेना. बसल्या, म्हणालो. जजसाहेबांना आधी काहीच कळेना. मग त्या बयेनं हिंदीत समजावलं, की मराठी घरात सुतक असलं तर महालक्ष्म्या बसत नाहीत. त्यांनी मला सगळ्यांसमोर झापलं आणि यापुढे एकही तारीख मिळणार नाही म्हणाले. सलील बाहेर येऊन माझ्यावरच ओरडला, की तुमच्या सोवळ्यानं घात केला.

देवीला कोर्टात ओढलंस. मूल मागतेस? तुझ्या ओटीत देवी काही घालणार नाही, हे माझे शब्द लिहून ठेव.

यापुढे पत्र पाठवू नये.
यशवंत


टहरौली, १८ नोव्हेंबर २०२५

श्री. यशवंतराव यांस स. न. वि. वि.

पत्र नको म्हणालात, तरी हे शेवटचं. काल निकाल लागला. मी आता तुमची सून नाही. देवीला कोर्टात मी नाही ओढलं. खोटं सुतक तुम्ही धरलंत, खरं तिच्यापायी बोललात. तेवढ्यासाठी मनातल्या मनात तुम्हाला हात जोडले होते, पण पुढचं वाचलं आणि ते जोडलेले हात सोडले.

दत्तकाचा अर्ज आज भरला. तान्हं बाळ मिळणार नाही. त्यासाठीची चाळिशीची अट मी गेल्या महिन्यात ओलांडली. नऊ वर्षं तुम्ही तारखा घेत राहिलात, त्यात हे गेलं. आता दोनतीन वर्षांची मुलगी मिळेल म्हणतात. तिचं पहिलं पाऊल दुसऱ्याच कोणीतरी पाहिलेलं असेल, किंवा कोणीच नसेल. याबद्दल मी तुम्हाला कधीही क्षमा करणार नाही.

तिची खोली रंगवून घेते आहे. रजेचा अर्जही दिलाय.

कळावे. लोभ तिच्यासाठी ठेवला आहे.
मुग्धा