डाव्या हाताने घेतलेलं बक्षीस

सुरत, २४ ऑक्टोबर १९९७

ती. सौ. शकुंतलाताईस,
विनायकचा शि. सा. नमस्कार.

पत्राला उशीर झाला, रागावू नकोस. या भाऊबीजेला अमळनेरला येणं जमत नाही. वीज कंपनीने सुरक्षेचं काम गळ्यात घातल्यापासून सण कसले! पण ओवाळणी चेतनबरोबर पाठवतो आहे. कुकर! माझ्याच योजनेचं फळ. पांडेसऱ्याच्या गिरणी-वस्तीतल्या लाइनमनांनी यंदा बिघाड झटपट काढले आणि वर्षभर एकही अपघात नाही. बिनअपघाती दिवसांचा आकडा फाटकावरच्या फळ्यावर रोज वाढत गेला, म्हणून दिवाळीला टोळीत घरटी एक कुकर, तसा चेतनलाही. कापड रंगवणारे डाइंगवाले शेठ खूश, साहेब त्याहून खूश.

तुझ्या लाडक्याला मात्र जरा वळण लाव. साहेबांच्या हातून खोकं घेतलं ते डाव्या हाताने! चारचौघांत बोललो मी त्याला. नोकरीला मामाने लावलं, आता रीतभातही मामानेच शिकवायची का?

भावोजींना नमस्कार. लोभ आहेच, तो फराळाच्या डब्यातूनही यावा.

तुझा, विनायक

अमळनेर, ३ नोव्हेंबर

चि. विनायकास अनेक आशीर्वाद.

कुकर पोचला. पहिल्या आंघोळीला चेतनला तेल लावायला बसवलं, तर उजवा हात पाठीमागे. पट्टी शेवटी मीच सोडली. दोन बोटं काळी पडली आहेत रे. लाइन बंद केल्याचा निरोप येण्याआधीच त्याने तारेला हात घातला, कारण खाली वेळ मोजला जात होता. दवाखान्यात गेला असता तर अपघात लिहावा लागला असता आणि साऱ्या टोळीचे कुकर गेले असते. म्हणून हळद लावून कामावर जात राहिला. मामाला कळवू नकोस म्हणून त्याने मला शपथ घातली होती. ती मोडून लिहिते आहे.

तुला खरंच माहीत नव्हतं? माझी ओवाळणी अजून यायची आहे असं समज. तो फळा पूस, मला दुसरं काही नको.

तुझी ताई

सुरत, ८ नोव्हेंबर

ती. ताईस नमस्कार.

विचारलंसच म्हणून सांगतो. पट्टी मला दिसली होती. दारात बोटं चेंगरली म्हणाला आणि मी लगेच मान डोलावली. विजेचा चटका मला ओळखता येत नाही होय? डाव्या हातावरून बोललो तेसुद्धा, पुढचं काही विचारावं लागू नये म्हणून. माझी मलाच शरम वाटते.

तरी थोडे दिवस थांब. सोमवारी, सतरा तारखेला, मोठे साहेब फळा पाहायला येणार आहेत, योजना सगळ्या शहरात न्यायची म्हणतात. ते गेले की सगळं सांगून टाकतो. तुझा भाऊ इतका वाईट नाही ग.

विनायक

अमळनेर, १२ नोव्हेंबर

चि. विनायक,

वेळेवर दाखवलं असतं तर बोटं वळली असती, असं डॉक्टर म्हणाले. आता वळायची नाहीत.

सोमवारी चेतनही कामावर येतो आहे. रजा वाढवली तर कारण लिहावं लागेल, म्हणून तसाच खांबावर चढणार. माझं ऐकत नाही. आधी साहेब की आधी भाचा, ते तू बघ. फराळ त्याच्याबरोबर देते आहे. रागावले तरी तो ठेवून घेववला नाही.

ताई

सुरत, १८ नोव्हेंबर

ती. ताईस,
विनायकचा शि. सा. नमस्कार.

चेतनला खांबाला हात लावू दिला नाही. मोठे साहेब फाटकात उभे असतानाच फळा पुसला आणि शून्य मांडलं. अपघात माझ्या सहीने नोंदवला. उपचार आता कंपनी करील, आणि काम जमिनीवरचं. कुणाचाही कुकर परत घ्यायचा नाही, एवढं भांडून मिळवलं. योजना बारगळली आणि साहेब माझ्याशी बोलत नाहीत.

टोळी चिडलीच. त्यांचा म्होरक्या सुकदेव सगळ्यांत जास्त ओरडला, आणि ओरडता ओरडता त्यानेच बाही वर केली. कोपराला चटक्याचा डाग, याच वर्षातला. मग आणखी काहींनी झाकलेले हातपाय दाखवले. हे सगळे माझ्या फळ्यावर धडधाकट होते, ताई.

संध्याकाळी चेतन फराळाचा डबा घेऊन आला. त्यातलाच लाडू मी त्याला देऊ केला, तर त्याने डावा हात पुढे केला. लगेच ओशाळला, चुकलं म्हणाला, आणि तो मागे घेऊन न वळणारी बोटं माझ्यापुढे धरली.

लोभ असावा, असं आज लिहवत नाही.

विनायक