उड्डाणपुलावरचे तीन आकडे

दि. ८ मार्च

ती. आप्पांस,
सा. न. वि. वि.

तुम्ही सुखरूप पोहोचल्याचं शेजारच्यांकडून कळलं, तुमच्याकडून नाही. पंधरा दिवसांसाठी आलेला माणूस चौथ्या दिवशी सकाळी पिशवी भरतो, काम आठवलं म्हणतो आणि चालू लागतो, याला काय म्हणावं? तुमच्या जावयांना वाटतंय गादी टोचली असेल. मला वाटतंय आमचंच काहीतरी चुकलं.

बरं, जायचंच होतं तर मी गाडीने सहा तासांत सोडलं असतं. पण ड्रायव्हरसाहेब निवृत्त झाले तरी त्यांना बसच हवी, साडेनऊ तास हाडं खिळखिळी करत! मला कामावर बसने जायचं तर दोनदा बदलावी लागते. गाडीने छकुलीला शाळेत सोडून सव्वा तासात मी चष्म्याच्या काचांच्या कारखान्यात हजर. मंगळवारी बरोबर आलात तेव्हा पाहिलंतच की.

एकोणतीसला शुक्रवारी पाळी सुटली की छकुलीला घेऊन तशीच गाडीने निघते. रुसवा असेल तर तोंडावर सांगा. लोभ मात्र पिशवीत भरून नेऊ नका.

तुमची,
ठकी


दि. ११ मार्च

चि. ठकीस,
अ. उ. आ.

गादी टोचली नाही आणि तुमचं काही चुकलंही नाही. तीन कागद फाडले, हा चौथा.

मंगळवारी उड्डाणपुलावर तू मला कारखान्यातल्या नव्या यंत्राबद्दल सांगत होतीस. मधेच थांबलीस. वळून पाहिलं तर तुझे डोळे मिटलेले. हात स्टिअरिंगवर, वेग ऐंशीचा, मागे छकुली. जिथे ब्रेक नाही तिथे माझा उजवा पाय दाबला गेला. मनात आकडे पडले: एक, दोन, तीन. मग तू डोळे उघडलेस आणि वाक्य जिथे सोडलं होतंस तिथून पुढे बोलू लागलीस. तुला काही कळलंच नव्हतं. माझ्या तोंडून शब्द फुटला नाही. 

तुला काही बोलायचं तर आधी माझं सांगायला हवं होतं. ती हिंमत नव्हती, म्हणून पळालो. नोकरी मी पाठदुखीमुळे सोडली नाही, ठकी. चौदा वर्षांपूर्वी, तू वसतिगृहात असताना, भर दुपारी सरळ रस्त्यावर माझा डोळा लागला. उघडला तेव्हा बस शेतात होती आणि माणसं किंचाळत होती. चव्वेचाळीस प्रवासी वाचले. माझ्या कंडक्टरचा, तुझ्या मास्तरकाकांचा, पाय कायमचा अधू झाला. ते शिडीवरून पडले हे तुला सांगितलेलं खोटं. चौकशीत त्याने जनावर आडवं आल्याचं सांगितलं आणि मी मान डोलावली.

बापाला हवं ते बोल, पण गाडीने येऊ नकोस. या म्हाताऱ्याचं एवढं ऐक.

तुझा,
आप्पा


दि. १९ मार्च

ती. आप्पांस,
सा. न. वि. वि.

तुमचं पत्र गुरुवारी मिळालं. आधी संतापच आला. मी झोपले? मी? तुम्हाला भास झाला असेल, असं उत्तर लिहून पाकीटही चिकटवलं. हे म्हणाले, छकुलीला विचार.

ती चित्र रंगवत होती. मान वरही न करता म्हणाली की आई गाडीत कधी कधी झोपते, मग ती मोठ्याने गाणं म्हणते, की आई उठते. आप्पा, गाडीत किंचाळू नकोस म्हणून मागच्याच आठवड्यात मी तिला धपाटा घातला होता. आठ वर्षांची पोर मला रोज जिवंत घरी आणत होती आणि मी तिला मारत होते. मी ते चिकटवलेलं पाकीट फाडलं. 

किल्ली यांच्याकडे दिली आहे. डॉक्टरांनी झोपेची तपासणी सांगितली आहे. कालपासून बस. छकुलीला शाळेत सोडलं, पुढच्या बसमध्ये बसले आणि अशी गाढ झोपले की कंडक्टरबाईंनी दंड धरून हलवलं. माझा थांबा तीन थांबे मागे राहिला होता. साहेब उशिराबद्दल बोलले. बोलू देत.

तुमच्या अपघाताचं मी दोनदा वाचलं. एकच विचारते: मास्तरकाकांची कधी माफी मागितलीत का?

तीस तारखेला, शनिवारी, सकाळच्या बसने आम्ही दोघी येतो. आहे तसा लोभ राहू द्या.

तुमची,
ठकी


दि. २४ मार्च

चि. ठकीस,
अ. उ. आ.

मागितली नव्हती. चौदा वर्षं रोज संध्याकाळी त्याच्या ओट्यावर बसलो, पण तो विषय काढला नाही. काल काढला.

त्याला सगळं ठाऊक होतं! तिकिटं देत तो पुढे येत होता. आरशात माझे मिटलेले डोळे दिसले, हाक मारायला त्याने तोंड उघडलं आणि तेवढ्यात बस रस्ता सोडून गेली. पायाचं काही नाही म्हणाला. ती हाक राहून गेली, ते अजून मनाला खातं म्हणाला.

मग मी तुझं सांगितलं. त्याने विचारलं, पुलावर मी काय ओरडलो. मी म्हटलं, काहीच नाही, दुसऱ्या दिवशी निघून आलो. पत्र तुला कधी पोहोचलं, असं त्याने विचारलं. मी म्हटलं, पुढच्या गुरुवारी; त्याने बोटांवर नऊ दिवस मोजले. ते नऊ दिवस ठकी पोरीला घेऊन त्याच पुलावरून गाडी चालवत होती ना, असं म्हणून तो उभा राहिला. पायाबद्दल चौदा वर्षांत चकार शब्द न काढणारा माणूस माझ्यावर ओरडला. त्याने काठी आपटली आणि मला चालता हो म्हणाला.

ठकी, हे नऊ दिवस मी मोजलेच नव्हते. काल घरी येताना मोजले.

आज त्याच्या बायकोने निरोप आणला. शनिवारी स्टँडवर तोही येणार आहे, छकुलीला भेटायला. माझ्याशी बोलणार नाही, हेही सांगून पाठवलंय.

तुझी माफी पत्रातून मागत नाही. तू बसमधून उतरलीस की तोंडाने मागेन. त्यानंतर लोभ ठेवायचा की नाही, ते तू ठरव.

तुझा,
आप्पा