घरचंच नाव

दारव्हा, २२ डिसेंबर २००६

ती. रुपालीताईस,
अतुलचा सप्रेम जयभीम. आम्ही सगळे मजेत. तुमची खुशाली कळवत जा. लग्न झाल्यापासून तू तं आम्हाले विसरूनच गेली.

ताई, आमचं ज्युनिअर कॉलेज राज्यात पयलं आलं! जूनमधी उत्तमसिंग सरांनी तो लांबट चेंडू आणला तवा अमेरिकन फुटबॉल म्हणजे काय, हे कोणालेच माहीत नव्हतं. चेंडू काखेत धरायचा अन् समोरच्याले आडवं करत पळायचं. खांद्याचे पॅड विकत घेणं कोणाच्याच बापाच्यानं होत नव्हतं, म्हणून अफरोजच्या अब्बांनी, अय्यूब पिंजाऱ्यांनी, गादीच्या कापडात कापूस ठासून सोळा जोड शिवून दिले. म्हणे, बाजारात या कापसाले कोणी विचारत नाही, तुमच्या हाडांले तरी कामी येऊ द्या. एकही सामना हरलो नाही. फायनलले शेवटच्या मिनिटाले अफरोजनं फेकलेला चेंडू मीच झेलला अन् रेषेपार जाऊन पडलो. कोपर सुजलं, आईनं हळद लावता लावता शिव्या घातल्या.

माझं इंग्रजी तुले माहीतच आहे. राज्याचं प्रमाणपत्र जोडलं तं बारावीले वाढीव मार्क भेटतात. बारावी निघाली का पोलीस भरती. बाबा कामाले जातात ते कापसाचं जिनिंग यंदा अर्धे दिवस बंदच राह्यते, पण ते आतापासूनच साऱ्यांले सांगून राह्यले का पोरगा पोलीस होणार. प्रमाणपत्रं भाऊजी कामाले आहेत त्या खेळाच्या संघटनेच्या कचेरीतूनच निघतात, तवा त्यांले म्हण, आमची जरा लवकर काढा.

माया आहेच, ती आटू देऊ नको.
तुझा अतुल

यवतमाळ, ९ फेब्रुवारी २००७

चि. अतुल यास,
ताईचे अनेक आशीर्वाद आणि जयभीम. तुझी दोन्ही पत्रं मिळाली. उत्तराला उशीर झाला, रुसू नको. तुझ्या विजयाचे पेढे मी गल्लीभर वाटले. शेजारच्या पंचफुलाबाईंनी विचारलं, कोणता खेळ? मला तर सांगताच येईना!

पंधरा जणांची प्रमाणपत्रं आली आणि तुझंच नाही, म्हणून तू घाबरलास. घाबरायचं कायले? छपाईत एक कमी पडलं, असं हे म्हणतात. तुझं मागून थेट कॉलेजात जाईल. सरांकडे कटकट करू नको. यांची नोकरी अजून पक्की नाही, उगाच तक्रार झाल्यासारखं दिसेल. तू आपला इंग्रजीला लाग.

आईबाबांना जयभीम सांग. जिवाला जप.
तुझी ताई

दारव्हा, ३ जून २००७

रुपालीताईस जयभीम.

निकाल लागला. इंग्रजीत सत्तावीस. आठ मार्कांनी गेलो. प्रमाणपत्र आलंच नाही.

काल तुमच्या संघटनेच्या सचिवसाहेबांचा पुतण्या घरी पेढे घेऊन आलता. आमच्याच वर्गातला. गणितात गेलता, पण खेळाडूच्या मार्कांनी निघाला. कोणता खेळाडू, म्हटलं, तं त्यानं प्रमाणपत्रच दाखवलं. ताई, तो एक दिवसही मैदानावर आला नाही! अन् त्याचं नाव तुह्या अक्षरात. भाऊजी कोरी प्रमाणपत्रं घरी आणतात अन् नावं तू लिहिते, हे मले माहीत आहे. पहिलीत माझा हात धरून तूच गिरवून घेतलं. तुह्यं अक्षर मी ओळखणार नाही का?

छपाईत कमी पडलं म्हणे! खोटं बोलली तू माझ्याशी. काहून केलं, तेवढं सांग.
अतुल

यवतमाळ, ११ जून २००७

चि. अतुल यास आशीर्वाद.

बाळा, शिव्या दे, मी ऐकून घेते. सचिवसाहेबांनी यांना बोलावून सांगितलं, पुतण्याचं नाव बसव, नाहीतर एप्रिलपासून येऊ नको. प्रमाणपत्रं सोळाच. एक नाव गाळावंच लागणार होतं. हे अफरोजचं गाळत होते. मीच म्हटलं, त्याचं नको, त्याचे अब्बा दुसऱ्या दिवशी कचेरीच्या दारात उभे राहतील, गावभर बोंब होईल. अतुलचं गाळा. तो घरचा आहे, समजून घेईल. वाटलं, तू कसाही पास होशील, इतका का तू ढ आहेस!

हे आता कायम झाले, पण मला घास गोड लागत नाही रे. ऑक्टोबरला परत बस, शिकवणी मी लावून देते. आईबाबांना सांगू नको, तुझ्या पाया पडते.

ताईवरची माया तोडू नको.
रुपाली

दारव्हा, १९ जून २००७

ताईस जयभीम.

तू मले बरोबर ओळखलं. मी कुठं बोंब मारली नाही. बाबांनी विचारलं, खेळाडूचे मार्क कुठं गेले? म्हटलं, कागद माझ्याच हातून हरवला. आज जेवताना आईले म्हणाले का पोरगा बेफिकीर निघाला, पोरगी मात्र गुणाची, नवऱ्याचं घर सावरलं तिनं. मी समोरच बसलो होतो.

शिकवणी लावू नको. ऑक्टोबरले माझ्या भरवशावर बसतो.

अफरोज परका होता म्हणून वाचला. यापुढं मलेही परकाच समज.

अतुल