हवा बरोबर पंचवीस

३ फेब्रुवारी १९७९, शनिवार
आज हात चालू लागले. डॉक्टर वैरागडे म्हणाले, आधी सही करून पाहा. मी एकदम रोजनिशीच सुरू केली.

गेल्या महिन्यात लुळेपणा पायांपासून चढत श्वासापर्यंत आला, म्हणून गळ्याला भोक पाडून नळी घातली आहे. नळीला गळ्याच्या आत एक फुगा. तो फुगलेला असला की लाळ फुफ्फुसात उतरत नाही, पण हवा वरही येत नाही. म्हणजे आवाज बंद. नागपूरच्या गांधीबागेत ज्याच्या आवाजावर लुगड्यांचं दुकान बावीस वर्षं चाललं, तो माणूस मुका! दुसरा कोणी खचला असता. मी याला मौनव्रत मानायचं ठरवलं आहे. आज अठ्ठाविसावा दिवस. चेहऱ्यावर तेज आलं असावं. इथे आरसा नाही.

५ फेब्रुवारी
सिस्टर कौसल्या दिवसातून तीनदा मीटर घेऊन येतात. गळ्याबाहेर एक लहान फुगा लोंबतो, त्याला मीटर लावलं की आतल्या फुग्यातली हवा कळते. पंचवीस पाहिजे. वीसच्या खाली गेली तर लाळ आत उतरते. तिसाच्या वर गेली तर श्वासनळी आतून दबून जखम होते आणि पुढे आवाज कायमचा जाऊ शकतो.

एवढ्याशा फुग्यासाठी एवढा थाट. आमचे मुनीम देवराव सायकलची हवा अंगठ्याने सांगतात. तशी चिठ्ठी सिस्टरना दिली. त्यांनी वाचली, घडी केली, खिशात ठेवली. विचार करत असाव्यात.

७ फेब्रुवारी
बायको, गोपिका, भेटायला आली. माझ्याविना दुकानाचं काय होत असेल, असं पाटीवर लिहून विचारलं. म्हणाली, चांगलं चालून राह्यलं, बाया आपल्या मनानं लुगडं पाह्यतात, घेतात अन् जातात. मला धीर देते आहे. डोळ्यांत पाणी नव्हतं, पण ते आतल्या आत असतं.

खडू संपला. आणते म्हणाली.

९ फेब्रुवारी
खडू आणला नाही. चिठ्ठी दिली तर म्हणे चष्मा घरी राह्यला.

पण बातमी मोठी. कन्हानचे रुपराव आमच्या मुलीसाठी, जयासाठी विचारत आहेत. मुलगा इंजिनियर. पंचवीस तारखेला रविवारी इथेच, माझ्या कॉटपाशी बैठक. जयाला चोविसावं लागलं. आधीची तीन स्थळं मोडली, तिन्ही त्यांच्याच दोषाने. पहिल्या मंडळींना मी फक्त दीड तास सुती आणि रेशमी यांतला फरक सांगितला होता. दुसऱ्या वेळी मुलाच्या वडिलांच्या मिशीबद्दल एक सूचना केली. तिसरे लोक तर मी अजून प्रस्तावनेतच असताना उठून गेले. लोकांना धीर नाही.

गोपिका म्हणाली, हा मुलगा पोरीच्या मनात भरला आहे. जया नेहमीपेक्षा जास्त वेळ माझे पाय दाबत बसली. 

संकल्प: हे स्थळ जाऊ द्यायचं नाही. मी स्वतः बोलणार.

१० फेब्रुवारी
संशोधन. सिस्टरनी सकाळी तपासायला सिरिंजने फुग्यातली हवा काढली तेव्हा मला खोकला आला आणि गळ्यातून चक्क 'आँ' निघाला! म्हणजे हवा काढली की आवाज आहे. डॉक्टरांच्या हे लक्षात आलेलं दिसत नाही.

ट्रेमधली एक सिरिंज माझ्या उशीखाली आली आहे. ही चोरी नव्हे. नळी माझी, गळा माझा.

११ फेब्रुवारी, दुपारी अडीच
वॉर्ड झोपलेला. हवा काढली, नळीच्या भोकावर बोट ठेवलं आणि म्हणालो, नमस्कार, मी मधुकरराव. कोरड्या हापशीसारखा आवाज आला, पण माझा होता. रडूच आलं. मग हवा परत भरली, अंदाजाने.

शेजारच्या कॉटवर बेसा गावचे धोंडबा आहेत, दम्याचे. ते ताडकन उठून बसले. सिस्टर आल्यावर म्हणाले, तो मुका माणूस बोलून राह्यला वं! सिस्टरनी त्यांच्या तोंडात थर्मामीटर घातलं.

१३ फेब्रुवारी
भाषणाचे चौदा मुद्दे काढले. पहिला, आमचं घराणं. दुसरा, माझं बालपण. जयाचा उल्लेख नवव्यात येतो. रोज दुपारी तालीम; आज पहिले चार झाले.

संध्याकाळी मीटर बारावर. सिस्टर म्हणाल्या, सकाळी तर बरोबर होती. मी छताकडे पाहिलं.

धोंडबा म्हणतात, तो बोलते, त्याच्या आज्याच्या घोड्याची गोष्ट सांगते. डॉक्टरांनी त्यांची एक गोळी वाढवली.

१५ फेब्रुवारी
परवा कमी पडली म्हणून आज हवा सढळ हाताने भरली. मीटर सत्तरवर!

डॉक्टर वैरागडे सिस्टरवर फार चिडले. म्हणाले, पेशंटचा आवाज घालवायचा आहे का? मेट्रननी सिस्टरना मेमो दिला. त्यांनी हवा काढून पंचवीसवर आणली आणि माझ्या गळ्याची पट्टी बदलली, नेहमीइतक्याच हलक्या हाताने.

मला खरोखर वाईट वाटलं. प्रायश्चित्त म्हणून उपास करायचं ठरवलं, पण दूध नाकातल्या नळीने येतं, माझं कोण ऐकतं. खरं सांगून टाकावं असंही मनात आलं. पण मग सिरिंज जाईल, रविवार जाईल, जयाचं स्थळ जाईल. सांगायचं, पण सव्वीस तारखेला.

१७ फेब्रुवारी
डॉक्टरांनी फुगाच खराब ठरवला. नळी बदलली. बदलताना जीव जातो की काय असं झालं. नव्या नळीत दुपारपर्यंत हवा आठ! (मुद्दा पाच लांबला.) डॉक्टर स्टुलावर बसून फुग्याकडे पाहत राहिले. त्यांची दया आली.

धोंडबांना भास होतात म्हणून दुसऱ्या वॉर्डात हलवलं. जाताना माझ्याकडे पाहून हात जोडले. मीही जोडले.

१९ फेब्रुवारी
ताप एकशे एक. छातीत घरघर. डॉक्टर म्हणाले, लाळ उतरली, आता नळी काढणं दोन आठवडे लांबलं. इंजेक्शनं सुरू. इथल्या व्यवस्थेतच काहीतरी गडबड आहे. मी मनोमन सर्वांना क्षमा केली.

तालीम बंद. आता पाठांतर मनातल्या मनात.

२४ फेब्रुवारी
ताप उतरला. चौदाही मुद्दे तोंडपाठ. एकूण वेळ पावणेदोन तास, प्रश्नोत्तरं वेगळी.

संध्याकाळी सिस्टर कौसल्या माझ्याकडे बराच वेळ पाहत होत्या. मग उशी नीट केली. भली बाई.

२५ फेब्रुवारी, रविवार. सकाळी आठ
सिरिंज नाही!! उशीखाली नाही, गादीखाली नाही. बाहेरचा लहान फुगा पट्टीत गुंडाळून वरून चिकटपट्टीचे सात वेढे. नख लागत नाही. सिस्टरनी मीटर दाखवलं. बरोबर पंचवीस.

पाहुणे दहाला.

तोच दिवस, संध्याकाळ
बैठक माझ्यामुळे यशस्वी.

रुपराव आले, स्टूल ओढलं आणि म्हणाले, तुम्ही आराम करा गा मधुकरराव, मीच सांगतो. आणि सांगू लागले. कन्हानच्या पुलापासून सुरुवात केली. मग त्यांचं पोट, मोठ्या भावाची कोर्टकेस, कोळसा खाणीतला एक साहेब, पुन्हा पोट. सव्वादोन तास! त्यांच्या घरचे लोक पहिल्या दहा मिनिटांतच व्हरांड्यात गेले. आक्षेप घ्यायला मी तीनदा हात वर केला, तो त्यांनी आशीर्वाद समजून डोक्याला लावून घेतला. शेवटी संतापाने माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. त्यांनी स्वतःच्या रुमालाने पुसलं आणि तेही रडले.

जाताना गोपिकाला म्हणाले, असा माणूस मी जन्मात पाह्यला नाही, माह्यं कोणी एवढं ऐकूनच घेत नाही, पोरगी आमच्या घरची झाली समजा. तेरा मेची तारीख धरली.

चौदा मुद्दे मी नजरेतून पोचवले असले पाहिजेत. जया खाली वाकली तेव्हा हसत होती. तिला असं हसताना पाहून फार बरं वाटलं.

२६ फेब्रुवारी
सिस्टरना खरं सांगायचं होतं. पण सकाळीच कळलं, त्यांचा मेमो मागे घेतला. मग आता कशाला जुनं उकरायचं. न्याय होतोच.

१२ मार्च
नळी काढली. पहिलं वाक्य आठवडाभर घोटून ठेवलं होतं. प्रत्यक्षात 'पाणी' म्हणालो. पट्टीवर बोट ठेवलं की आवाज खणखणीत. डॉक्टर म्हणाले, श्वासनळी आतून ठीक आहे, त्याचं श्रेय सिस्टर कौसल्यांच्या मीटरला, तुम्हाला तर अजिबात नाही. ते असं का म्हणाले, समजलं नाही.

२० मार्च, घरी
भोक बुजलं. जेवणानंतर खुर्चीत बसून गोपिकाला चौदा मुद्दे ऐकवायला घेतले, निदान घरच्यांना तरी कळावेत. तिसऱ्याला ती म्हणाली, चौथा तुमच्या आज्याच्या घोड्याचा ना?

तुला क्रम कोणी सांगितला, मी विचारलं.

तेव्हा सगळं बाहेर आलं. चोवीस तारखेला तिला व्हरांड्यात धोंडबा भेटले. तुमचा माणूस दुपारी बोलते, म्हणाले, आणि त्यांनी पाचही मुद्दे जसेच्या तसे म्हणून दाखवले. दवाखान्यात त्यांच्यावर कोणाचाच विश्वास नव्हता. गोपिकाचा लगेच बसला. तशीच सिस्टरकडे गेली. डॉक्टरांना सांगून मेमोही तिनेच रद्द करवला. सिस्टर त्याच वेळी सिरिंज काढून नेणार होत्या, गोपिका मात्र म्हणाली, ते झोपल्यावर घ्या बाई, नाहीतर पाटी मागतील.

मी विचारलं, आणि ते चिकटपट्टीचे सात वेढे?

म्हणाली, मी तर दोनच सांगितले होते. सात म्हणाली जया.

मला तीन स्थळं आठवली. सुती आणि रेशमी आठवलं. तेव्हा जया आतल्या दाराशी ट्रे घेऊन किती वेळ उभी होती, तेही आज पहिल्यांदा आठवलं.

गोपिका म्हणाली, रुपरावले अजून सांगितलं नाही आवाज आला म्हणून, दर रविवारी येतो म्हणून राह्यले.

एवढ्यात जया चहा घेऊन आली. विचारलं, बाबा, आवाज कसा आहे आता?

मी गळ्यावर हात ठेवला आणि 'नाही' अशी मान हलवली. ती माझ्याजवळ बसली आणि माझे पाय दाबू लागली.

१३ मेपर्यंत गळ्याला मफलर आणि मौन. नागपूरचं ऊन, पण इलाज नाही.

२५ मार्च, रविवार
रुपराव आले. सव्वातीन तास.